फळीवर एका वेळी एकच

माझी बाहुली फळीवर चढली, फळी हलली, आणि पुढची बाहुली पडली.

पडताना तिने दोन्ही हात वर केले. हाडं नसल्यासारखे लुळे हात. ती एकदा फळीच्या कडेला आपटली, उलटी झाली आणि खाली गुलाबी चिखलात गेली. माझा अंगठा थांबला नाही. मी फोन दोन्ही हातांत धरून बटण पुढेच दाबत राहिले. माझी बाहुली डुलत डुलत वर गेली, टोकाला टांगलेल्या घंटेला तिचं डोकं लागलं आणि फोनमधून वाजंत्री सुरू झाली. रंगीत कागदांचे तुकडे पडायला लागले.

सून ओरडली, "आत्या! जिकलात तुमी!"

तिची बहीण सोनई गावात दिलेली आहे. ती तिकडून आमच्याबरोबरच खेळत होती, आधीच्या फेरीत बाद झाली होती आणि आमचं बघत बसली होती. तिचा आवाज फोनमधून आला. "जिकल्यात कशाच्या? मानसं मारून जिकल्यात! आत्या, तुमीच पाडली की तिला. ती बिचारी एकटी नीट चालली हुती. तुमी मागनं फळीवर पाय दिला आन् ती उडाली."

दोघी बहिणी हसायला लागल्या. मी फोन गोधडीवर ठेवला. भर दुपार होती, डोक्यावरचे पत्रे तापले होते.

फोन सुनेचा. तिला दिवस गेले होते, तिसऱ्या महिन्यापासून उलट्या सुरू झाल्या आणि खर्डा गावच्या डॉक्टरीणबाईंनी तिला दुपारी तासभर पडून राहायला सांगितलं होतं. दुपारी बाई आडवी झालेली मला बघवत नाही. मी तिला रोज बोलायचे. ती ऐकून घ्यायची आणि पडून राहायची. पडल्या पडल्या बहिणीला फोन लावायची आणि दोघी मिळून तो गेम खेळायच्या. एकदा खेळता खेळता तिला उमळून आलं. तिने फोन माझ्या मांडीवर टाकला, "आत्या, धरा, नुसतं पुढं दाबा," म्हणाली आणि घरामागे पळाली. मी पुढं दाबलं. बाहुली चार पावलं गेली आणि एका फिरत्या ओंडक्याने तिला उडवून लावलं. फोनमधून बहीण म्हणाली, "अगं, काय झालं तुला? आंधळी झालीस का?" मी म्हणाले, "सून वकाय गेलीय. मी हाय." ती इतकी हसली की मला राग आला. रागानेच मी दुसऱ्या दिवशी फोन मागून घेतला.

गेम असा आहे. तीस बाहुल्या एका रेघेवर उभ्या राहतात. प्रत्येक बाहुली कुठल्यातरी गावच्या, देशच्या माणसाची असते, त्याच्या हातातल्या फोनवर चाललेली. शिटी वाजली की सगळ्या पळतात. वाटेत फिरते ओंडके, झुलती पोती, तिरक्या होणाऱ्या चकत्या, निसरडे उतार. बाहुल्या कापूस भरल्यासारख्या गुबगुबीत. धक्का लागला की लोळतात, एकमेकींच्या अंगावर पडतात, उठतात, पुन्हा पळतात. दर फेरीला काही बाद होतात. शेवटी एकच उरते. ती जिंकली. मी चौथीपर्यंत शिकले, त्यामुळे त्यात इंग्रजीत काय लिहून येतं ते मला कळत नाही, पण पडणं आणि न पडणं कळायला शाळा लागत नाही.

सुनेने माझ्या बाहुलीला कोंबडीची टोपी घातली होती. मी म्हणाले काढ. ती म्हणाली, राहू द्या, शोभती तुमाला.

मी काही चांगलं खेळत नव्हते. पण एक गोष्ट माझ्याकडून पहिल्या दिवसापासून होत होती. वाटेत अरुंद फळी आली की मी थांबायचे. पुढची पार होईपर्यंत माझी बाहुली अलीकडे उभी. मागून येणाऱ्या तिला ढकलून पुढे जायच्या.

"आत्या, चला की! ही काय रेशनची लाईन हाय का?" बहीण ओरडायची.

"फळी मोकळी हुऊ दे."

"हितं कोन मोकळी करून देनार न्हाई. घुसायचं."

"फळीवर एका येळी एकच जातं. दोघींची पावलं जुळत न्हाईत. फळी उसळती."

"हे कुनी सांगितलं तुमाला?"

मी सांगितलं की पंचवीस वर्षं ऊस तोडला आहे. आमच्या भागात दसरा झाला की गावं निम्मी रिकामी होतात. नवरा ऊस तोडतो, बायको मोळी बांधते आणि डोक्यावर घेऊन ट्रकवर चढवते. ट्रकला तिरकी लाकडी फळी लावलेली असते, वीतभर रुंद. डोक्यावर ओला ऊस घेऊन त्या फळीवरून वर जायचं, वरच्या गड्याकडे मोळी द्यायची, उतरायचं. दिवसाला कितीदा ते मोजत कोणी नाही. वर चढलेली बाई मोळी टाकून बाजूला होईपर्यंत खालचीने फळीला पाय लावायचा नाही. हा नियम कोणी लिहिलेला नाही. जिला कळत नाही ती पहिल्याच दिवशी शिव्या खाते.

आणि गंमत अशी की या थांबण्याचा मला गेममध्ये फायदा व्हायला लागला. सगळ्या फळीवर एकदम घुसायच्या, फळी नाचायची, सात-आठ जणी खाली जायच्या. मग मी मोकळ्या फळीवरून एकटी, सावकाश, पलीकडे. आठवड्याभरात मी तिसऱ्या फेरीपर्यंत जायला लागले. बहीण म्हणायची, "आमी मरतोय पळून पळून, आन् आत्या आपल्या देवळात चालल्यागत चालत्यात आन् पोचत्यात."

त्याच आठवड्यात घरात दुसरी गोष्ट चालू होती.

दसरा जवळ आला होता. मुलाने मुकादमाला शब्द दिला होता. नवरा-बायको मिळून एक कोयता धरतात, तसा त्यांच्या जोडीचा एक कोयता टोळीत लिहिलेला होता. टोळी यंदा लांब, कोल्हापूरकडे जाणार होती. निघताना सुनेला पाचवा महिना लागला असता आणि पोट घेऊनच तिने सगळा हंगाम मोळ्या वाहिल्या असत्या. मागे एकदा तिचं पोट तिथेच, उसाच्या फडावर रिकामं झालं होतं. तेव्हा दोनच महिने होते. मी तेव्हा म्हणाले होते, होतं असं, रडायचं काय त्यात.

एका सकाळी भांडी घासताना ती मला म्हणाली, "आत्या, औंदा मला न्हाई जमायचं. तुमी सांगा ना त्यांला."

"तुला काय जीभ न्हाई का?"

"म्या सांगितलं. ते म्हनले, आई म्हनंल तसं."

आमच्या घरात ते खरं आहे. नवरा गेल्यापासून मी म्हणेन तसंच होतं. मी तिला म्हणाले, "मी सातव्या महिन्यात मोळी वाहिली. तुझा नवरा पोटात हुता. फळी कुनाला पाडत न्हाई. मानूस आपल्या मनानं पडतं."

तिने भांडी उचलली आणि आत गेली. पुन्हा विचारलं नाही. दुपारी नेहमीसारखी पडली, बहिणीला फोन लावला, एक डाव खेळली आणि फोन माझ्याकडे दिला. सुरुवातीला सांगितलेला, मी जिंकलेला डाव तो पुढचाच.

त्या डावात नशीब माझ्या बाजूने होतं. पहिल्या फेरीत ओंडके चुकले. दुसऱ्या फेरीत झुलत्या पोत्यांखालून मी वाकून नाही, पण उशिरा गेले म्हणून वाचले. तिसऱ्या फेरीत बहीण बाद झाली आणि तिने तिथूनच शिव्यांची बरसात केली. शेवटच्या फेरीत सहा जणी. गोल चकती तिरकी होत गेली, चार जणी घसरल्या. उरल्या दोघी. मी आणि एक निळी बाहुली. कुठल्या देशाची, कोण, मला माहीत नाही.

पुढे एक लांब फळी होती, खालून वर जाणारी, आणि वर घंटा. जी आधी घंटा वाजवील ती जिंकली. निळी पुढे होती. ती फळीवर चढली. चांगली चालत होती, मधोमध, घाई न करता. मी सवयीने खाली थांबले.

"आत्या, आता थांबू नका! ती पोचली का संपलं सगळं!" सून उठून बसली होती. तिने माझा दंड धरला होता. "चला, चला, चला!"

मी पाय दिला.

पुढचं मी सांगितलंच आहे.

वाजंत्री थांबल्यावर सून म्हणाली, "परत बघायचंय का? ह्यात जिकलेला डाव परत दिसतो." मी हो म्हणाले नाही, पण तिने लावला. तीच फळी, आता बाजूने दिसत होती. निळी बाहुली वर, तीन हिस्से चढून गेलेली. माझी कोंबडीची टोपीवाली खाली. माझ्या बाहुलीने पाय ठेवला. फळी माझ्या पायाखाली दबली आणि दुसऱ्या क्षणी वर उसळली. निळीचे पाय फळीवरून सुटले. बोटभरच. पण सुटले.

"परत लाव," मी म्हणाले.

तिने लावला. मी म्हणाले परत. तीनदा बघितल्यावर तिला वाटलं म्हातारीला जिंकल्याचं कौतुक लागलंय. ती मला समजावून सांगायला लागली. "ह्यात परतेक गोष्टीला वजन दिल्यालं असतं, आत्या. बाहुलीला, पोत्याला, फळीला. खरं असतं तसंच सगळं हुतं. म्हनून तर मजा येती."

"मी पाय दिला नसता तर ती पडली असती?"

"न्हाई वो. ती तर पक्की खेळनारी हुती. पोचलीच असती."

मी उठून बाहेर गेले. अंगणात शेळी बांधली होती, तिला पाणी पाजायला गेले. तिला पाणी नको होतं. मी बादली तिच्या तोंडाशी तशीच धरून उभी राहिले.

माझी थोरली जाऊ फळीवरून पडून गेली. हे आमच्या घरात सगळ्यांना माहीत आहे. ती पाच महिन्यांची पोटुशी होती. तिला चक्कर आली आणि ती पडली, असं सगळे म्हणतात. पहिल्यांदा तेव्हाचा मुकादम म्हणाला, मग माझे दीर म्हणाले, मग मीही म्हणाले. इतक्या वेळा म्हणाले की माझ्यापुरतं ते तसंच झालं होतं. एक पायरी पुढे जाऊन मी म्हणायला लागले की काही बायका मनानेच कच्च्या असतात. सातव्या महिन्यात मी मोळी वाहिली ती त्यानंतर दोन हंगामांनी. ते मी सगळ्यांना सांगायचे, कारण जाऊ पडली त्याच फळीवर मी पडले नव्हते.

त्या सकाळी धुकं होतं आणि फळी ओली होती. आमचा ट्रक उशिरा आला होता, मागे दुसरा येऊन उभा होता आणि त्याचा ड्रायव्हर हॉर्न वाजवत होता. मुकादम ओरडत होता. जाऊ फळीवर तीन हिस्से चढून गेली होती. मी खाली मोळी घेऊन उभी. मोळी बांधताना वेडीवाकडी बांधली गेली होती, तिचं वजन सगळं एका बाजूला येत होतं, मान मोडायला आली होती. हॉर्न वाजत होता.

मी पाय दिला. एकच पाय. फळी दबली आणि उसळली. ते माझ्या तळव्याला कळलं होतं.

ती ओरडली नाही. मोळी एका बाजूला गेली आणि ती दुसऱ्या बाजूला. खाली तोडलेल्या उसाची खोडकं होती. मोळी डोक्यावर असताना एकदा फळीला लागलेला पाय मागे घेता येत नाही. म्हणून मी वर गेले, मोळी वरच्या गड्याकडे दिली आणि मग खाली उतरले. ती संध्याकाळपर्यंत होती. तिने मला काही म्हटलं नाही. तिला कळलं होतं की नाही, मला माहीत नाही. फळी मोकळी झाल्याशिवाय पाय द्यायचा नाही, हे मला शिकवलं होतं तिनेच.

मला इतकी वर्षं माहीत होतं का नव्हतं, हे मला आजही नीट सांगता येत नाही. माहीत असतं तर मी सुनेला "मानूस आपल्या मनानं पडतं" म्हणाले असते का? म्हणाले असते, असंही वाटतं. माणूस स्वतःला वाचवायला काहीही म्हणतं. पण ती फळी बाजूने मी कधी बघितली नव्हती. मी नेहमी तिच्यावर होते.

दिवे लागणीला मुलगा आला. हातपाय धुऊन जेवायला बसला. सून चुलीपाशी भाकरी थापत होती.

मी म्हणाले, "ती येनार न्हाई."

"कोन? कुठं?"

"तुझी बायको. फडावर."

त्याने घास हातातच धरला. "आई, आठ दीस राहिलेत. मुकादमाला जोडीचं सांगितलंय. मोळ्या कोन वाहील?"

"तू वाहा."

"आन् तोडायचं कुनी?"

"तूच तोड. अर्धा कोयता धरून गडी जात न्हाईत का? तसा जा. न्हाईतर जाऊ नकू."

"आगं, तूच तर म्हनत हुतीस, सातव्या महिन्यात मी..."

"म्हनत हुते. चुकीचं म्हनत हुते."

मी चुकले, असं माझ्या तोंडून त्याने जन्मात ऐकलं नव्हतं. तो म्हणाला, "तुझी तब्येत बरी हाय ना?"

"तुझी काकी कशी गेली?"

"चक्कर येऊन पडली ना फळीवरनं."

"चक्कर न्हाई आली. ती फळीवर असताना मी मागनं पाय दिला. फळी उसळली. म्हनून पडली."

चुलीवरची भाकरी करपल्याचा वास आला. सुनेने ती उलटली नव्हती.

"हे तुला कुनी सांगितलं?" मुलाने विचारलं.

"कोन सांगनार? मीच हुते."

"मग आजच कुठनं आठवलं?"

"दुपारी गेममधी बघितलं."

तो हसला. खरंच हसू आलं त्याला, तोंडात घास होता तो बाहेर आला. मग त्याने माझं तोंड बघितलं आणि हसायचा थांबला. सून म्हणाली, "खरं हाय. आत्यानं तीनदा बघितलं." आणि मग तिला काय समजायचं ते समजलं असावं, कारण तिने पदर तोंडाला लावला.

मुलाने सांडलेला घास उचलून ताटाच्या कडेला ठेवला. मग म्हणाला, "काकानं शेवटपर्यंत काकीला दोष दिला. म्हनायचे, सांगितलं हुतं सकाळी खाऊन जा, उपाशी गेली आन् चक्कर आली."

"व्हय."

"तू ऐकत हुतीस."

"व्हय."

"आन् गप बसलीस."

"व्हय, गप बसले."

त्याने ताट सारलं आणि उठला. चार दिवस तो माझ्याशी बोलला नाही. मी काही त्याच्या मागे गेले नाही. त्याचं बरोबर होतं.

पाचव्या दिवशी मुकादम दारात आला. मुलाने त्याला चहा दिला आणि सांगितलं, "बायको येत न्हाई. मला अर्ध्या कोयत्यात घ्या."

मुकादम माझ्याकडे वळला. "काय वो आजी, तुमीच म्हनत हुता ना, आमच्या येळच्या बायका..."

"आमच्या येळच्या बायका मेल्या," मी म्हणाले. "तुझ्या बापाच्याच टोळीत."

त्याने चहा अर्धा ठेवला. सुनेचं नाव मात्र खोडलं.

सोनईला दिलेल्या बहिणीला सुनेने काय सांगितलं ते मला माहीत नाही. पुढच्या वेळी फोन लागला तेव्हा ती पहिल्यांदाच हळू बोलली. "आत्या, त्या दिवशी म्या आपलं चेष्टेनं म्हनले."

"खरं तेच म्हनलीस," मी म्हणाले. "खेळ आता."

तो डाव ती खेळली. मी बघत बसले. तिची बाहुली फळीवरून ढकलाढकलीत पडली आणि तिने तिकडे कुणालातरी शिवी दिली, तेव्हा मला बरं वाटलं.

मुलगा दसऱ्यानंतर एकटा गेला. रोज ऊस तोच तोडायचा आणि मोळ्याही तोच वाहायचा. फोनवर म्हणायचा, मान दुखते. मी म्हणायचे, दुखणारच. सून पौषापर्यंत माझ्याजवळ राहिली. तिचं माझ्याशी वागणं पहिल्यापेक्षा चांगलंही झालं नाही आणि वाईटही नाही. फक्त मी काही बोलले की ती आता उलट उत्तर द्यायला लागली. सातवा संपताना तिचा भाऊ येऊन तिला माहेरी घेऊन गेला.

फाल्गुनात ती बाळंत झाली. मुलगी झाली. दोघी जिवंत आहेत.